बारशाच्या आधी नावाचे मूळ आणि अर्थ कसे पडताळावेत?

नाशिकची_आत्या

सप्रेम नमस्कार.

माझ्या धाकट्या भावाला नुकताच मुलगा झाला असून पुढच्या आठवड्यात बारसे आहे. बाळाच्या कानात नाव सांगण्याचा मान आत्याचा, म्हणजे माझा आहे. पाळण्यामागे लावायच्या फलकावर नाव आणि त्याखाली त्याचा अर्थ छापून घ्यावा, ही वहिनीची हौस आहे. बाळाचे नक्षत्र स्वाती आणि चरण दुसरे असल्यामुळे पंचांगाप्रमाणे अक्षर 'रे' आले आहे. त्यामुळे घरात सध्या 'रेयांश', 'रेहान' आणि 'रेवंत' या तीन नावांवर चर्चा चालू आहे. नावरस नाव वेगळे ठेवून व्यवहारात 'आरव' किंवा 'कियान' म्हणावे, असाही एक पक्ष आहे.

मोबाइलवरील नावांच्या अ‍ॅपमध्ये 'रेयांश'चा अर्थ 'प्रकाशाचा किरण, विष्णूचा अंश' असा दिला आहे, तर 'आरव' म्हणजे 'शांत'. 'कियान'चा अर्थ एका ठिकाणी 'देवाची कृपा', दुसऱ्या ठिकाणी 'प्राचीन' आणि तिसऱ्या ठिकाणी 'राजा' असा आढळला, आणि तिन्ही ठिकाणी मूळ मात्र संस्कृतच सांगितले आहे. 'रेयांश'चा अर्थ मी आणखी काही संकेतस्थळांवर पाहिला, तेव्हा सगळीकडे तेच वाक्य स्वल्पविरामासकट सापडले. त्यामुळे विश्वास वाढण्याऐवजी शंकाच वाढली.

माझे संस्कृत दहावीपर्यंतचे आहे. अशा सामान्य माणसाने नावाचा अर्थ पडताळायचा असेल तर कोणते ग्रंथ पाहावेत आणि कोणत्या क्रमाने पाहावेत? आणि एखादे नाव कोणत्याच कोशात सापडले नाही, तर ते ठेवूच नये असे मानायचे का?

कोशातला_किडा

आपली शंका रास्त आहे. ही संकेतस्थळे एकमेकांचे उतरवून घेतात, त्यामुळे त्यांची संख्या कितीही असली तरी साक्षीदार एकच असतो.

माझ्या पाहण्यात आलेल्या बहुतेक चुकांचे कारण लिपीत आहे. नावांच्या याद्या आधी रोमन लिपीत तयार होतात आणि मग त्यांवरून देवनागरी रूप बनवले जाते. या प्रवासात 'अ' आणि 'आ', 'न' आणि 'ण', 'त' आणि 'ट', 'स', 'श' आणि 'ष' यांतील भेद पुसले जातात, आणि संस्कृतात तर एका मात्रेच्या फरकाने अर्थ उलटा होऊ शकतो. म्हणून अर्थ शोधण्याआधी नाव देवनागरीत नेमके कसे लिहायचे ते ठरवावे, ते कोणत्या भाषेतले असू शकेल याचा अंदाज घ्यावा आणि मगच त्या भाषेचा कोश उघडावा. हा क्रम उलटा केला की कोणत्याही नावाला कोणताही अर्थ चिकटवता येतो.

'आरव' हे याचे उत्तम उदाहरण आहे. 'रु' म्हणजे आवाज करणे या धातूपासून 'रव' हा शब्द होतो आणि त्याला 'आ' हा उपसर्ग लागून 'आरव' होतो. त्याचा अर्थ आवाज, ओरडा, गर्जना असा आहे. ज्याला आवाज नाही तो 'नीरव', किंवा ऱ्हस्व 'अ' लावून 'अरव'. रोमन लिपीत पहिला स्वर ऱ्हस्व की दीर्घ हे न कळल्यामुळे कोणीतरी त्याला नकारार्थी 'अ' मानले असावे आणि तेव्हापासून हे नाव 'शांत' होऊन बसले असावे. तान्ह्या बाळाला 'आरव' हे नाव खऱ्या अर्थानेच शोभून दिसते. फलकावरचा 'शांत' हा अर्थ मात्र पहिल्या रात्रीच खोटा पडेल.

'रेयांश'ची अडचण वेगळी आहे. त्यातील 'अंश' स्पष्ट आहे, पण प्रकाश किंवा विष्णू या अर्थाचा 'रेय' असा शब्द संस्कृतात नाही. जवळचे शब्द आहेत ते 'रै' आणि 'रयि', आणि दोन्हींचा अर्थ धन असा आहे. परंतु 'रै' आणि 'अंश' यांचा संधी केला तर 'नै' आणि 'अक' मिळून 'नायक' होतो त्याच नियमाने 'रायंश' होईल, आणि 'रयि' घेतले तर 'रय्यंश' होईल. 'रेयांश' कोणत्याही वाटेने सिद्ध होत नाही. माझा तर्क असा आहे की अकरावे जैन तीर्थंकर श्रेयांसनाथ यांच्या नावातील 'श्रेयांस' या शब्दाचे आधी 'श्रेयांश' झाले आणि मग त्याच धर्तीवर, पहिले अक्षर गाळून, 'रेयांश' घडवले गेले. 'किरण' हा अर्थ तर उघडच इंग्रजीतील 'रे' या शब्दावरून आला असणार. 'विष्णूचे नाव' असा दावा असेल तर तो तपासणे सर्वांत सोपे असते, कारण विष्णुसहस्रनाम महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे आणि त्याच्या सार्थ प्रती घरोघरी असतात. तीत 'रेय' आढळणार नाही.

'रेवंत' मात्र निःशंक नाव आहे. पुराणांत रेवंत हा सूर्य आणि संज्ञा यांचा पुत्र आहे. संज्ञेने घोडीचे रूप घेतले असताना तो जन्मला, म्हणून तो अश्वांशी जोडला गेला आणि जुन्या शिल्पांत तो घोड्यावर बसलेला दिसतो. आपल्या यादीत कोठे 'सूर्यपुत्र' तर कोठे 'घोडेस्वार' असे दोन अर्थ दिसले असतील, तर ते याच कथेचे दोन तुकडे आहेत. शब्दाच्या अंगाने पाहिले तर ऋग्वेदातील 'रेवत्' म्हणजे धनवान या विशेषणाशी त्याचे नाते आहे. 'रेवती' हे नक्षत्राचे नावही त्याच शब्दाचे. म्हणजे 'रेयांश'मध्ये जे धन ओढूनताणून आणावे लागते, ते 'रेवंत'मध्ये आधीपासूनच आहे.

आता ग्रंथांविषयी. वामन शिवराम आपटे यांचा १८९० सालचा संस्कृत-इंग्रजी कोश आणि मोनियर विल्यम्स यांचा १८९९ सालचा कोश हे दोन्ही जर्मनीतील कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर विनामूल्य पाहता येतात. मोनियर विल्यम्स पाहताना एक बारकावा ध्यानात ठेवावा. अर्थापुढे रोमन 'एल' हे अक्षर असेल, तर तो अर्थ प्राचीन कोशकारांनी दिलेला आहे, पण प्रत्यक्ष वाङ्मयात त्याचा वापर आढळलेला नाही, असे समजायचे. अशा अर्थाला खोटे म्हणता येत नाही, पण त्यावर फार भारही टाकता येत नाही. पौराणिक व्यक्तींसाठी सिद्धेश्वरशास्त्री चित्राव यांचा प्राचीन चरित्रकोश पाहावा. मराठी शब्दांसाठी मोल्सवर्थ यांचा मराठी-इंग्रजी कोश आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर आहेत, आणि व्युत्पत्तीसाठी कृ. पां. कुलकर्णी यांचा मराठी व्युत्पत्ति कोश आहे. कोशातील पहिला अर्थ घेऊन थांबू नये, सगळी नोंद वाचावी, एवढे मात्र पथ्य आहे. सध्या लोकप्रिय असलेले 'इरा' हे नाव पाहा. यादीत 'सरस्वती' किंवा 'पृथ्वी' असते आणि ते बरोबरच आहे. पण अमरकोश हा जुना संस्कृत कोश त्याच दमात भूमी, वाणी, सुरा आणि पाणी असे चार अर्थ देतो. सुरेमुळे नाव टाकून द्यावे असे मी म्हणत नाही, पण ते माहीत असलेले बरे.

कोशात नसलेल्या नावाविषयी आपण विचारले आहे. 'सई', 'जाई', 'जुई' ही नावे संस्कृत कोशात सापडणार नाहीत, कारण ती 'सखी', 'जाती' आणि 'यूथिका' या शब्दांपासून प्राकृतातून घासत मराठीत आली आहेत, आणि मराठी कोशात ती मानाने बसलेली आहेत. तेव्हा एका कोशात नाही म्हणून नाव बाद होत नाही. 'रेयांश' हे आजच्या काळात घडवलेले नाव आहे, एवढेच म्हणता येईल. ते ठेवायला कोणाची हरकत असण्याचे कारण नाही. हरकत आहे ती त्याच्याखाली 'संस्कृत' आणि 'विष्णूचा अंश' असे छापण्याला.

जाता जाता एक गंमत सांगतो. पतंजलींनी महाभाष्य या पाणिनीच्या व्याकरणावरील भाष्याच्या पहिल्याच आह्निकात, म्हणजे प्रकरणात, व्याकरण का शिकावे याची जी प्रयोजने सांगितली आहेत, त्यांत मुलाचे नाव ठेवणे हेही एक आहे. नाव घोषवर्णाने (ग, द, ब यांसारख्या) सुरू व्हावे, मध्ये अंतःस्थ वर्ण (य, र, ल, व) असावा, ते दोन किंवा चार अक्षरांचे आणि कृदंत, म्हणजे धातूपासून बनलेले, असावे, तद्धित, म्हणजे नामापासून बनलेले, असू नये. आणि व्याकरणावाचून कृत् आणि तद्धित ओळखता येत नाहीत, असे ते म्हणतात. 'रेवंत' तीन अक्षरी असल्यामुळे या कसोटीवर नापासच होईल, पण आज तिचा आग्रह कोणी धरत नाही.

दौलताबादी

वरील उत्तरात संस्कृतची बाजू आली आहे. फार्सी आणि अरबीची बाजू मी मांडतो, कारण आपल्या यादीतील दोन नावे तिकडची आहेत.

'रेहान' हे अरबी 'रैहान' आहे. त्याचा अर्थ सुगंधी वनस्पती, विशेषतः तुळशीच्या कुळातील, आपण जिच्या बिया सरबतात घालतो ती सब्जा. कुराणाच्या पंचावन्नाव्या सूरेत हा शब्द आलेला आहे. 'सुगंधी' असा अर्थ कोणी दिला असेल तर तो मूळ अर्थाच्या जवळ आहे. 'देवाने निवडलेला' वगैरे अर्थ मात्र त्या शब्दात नाहीत.

'कियान'चे तीन अर्थ आपल्याला का सापडले, ते सांगता येते. फार्सीत 'कै' म्हणजे राजा आणि 'कियान' हे त्याचे अनेकवचन आहे; शाहनामा या फार्सी महाकाव्यातील कयानी राजवंशाचे नाव हेच. मुंबईच्या पारशी मंडळींमधील कैखुश्रू आणि कैकोबाद ही नावे ज्यांनी ऐकली आहेत, त्यांना हा 'कै' परका वाटणार नाही. 'प्राचीन' हा अर्थ आयर्लंडमधील 'कीअन' या नावाचा आहे. ते स्वतंत्र नाव असून रोमन लिपीत फार्सी नावासारखे दिसते, म्हणून दोघांची नोंद एकत्र झाली. 'देवाची कृपा' हा अर्थ या दोन्ही भाषांतून निघत नाही, आणि संस्कृतशी तर या नावाचा संबंधच नाही.

मुलींच्या नावांत हाच घोटाळा 'कियारा'मध्ये झालेला आहे. इटालियन 'कियारा' लॅटिनमधील 'क्लारा'वरून आले असून त्याचा अर्थ स्वच्छ, तेजस्वी असा आहे; आयर्लंडमध्ये जवळजवळ तशाच वर्णांनी लिहिले जाणारे 'कीरा' हे नाव 'काळा, गडद' या अर्थाच्या शब्दापासून आलेले आहे. याद्यांमध्ये दोन्ही अर्थ एकाच ओळीत, स्वल्पविराम देऊन, शेजारी शेजारी बसवलेले असतात आणि ते परस्परविरुद्ध आहेत हे छापणाऱ्याच्या लक्षातही येत नाही.

दोन अर्थ दिसले की त्यांपैकी एक चुकीचाच असतो, असेही मात्र नाही. 'समीर' संस्कृतात वारा आहे आणि अरबीत रात्री गप्पा मारणारा सोबती आहे. हे दोन वेगळे शब्द योगायोगाने सारखे झाले आहेत, आणि घर कोणते यावर त्या घरातल्या समीरचा अर्थ ठरतो. 'माही'च्या बाबतीत अधिक सावध राहावे लागेल. फार्सीत माही म्हणजे मासा आणि पंजाबीत प्रियकर. संस्कृतात पृथ्वीसाठी शब्द आहे तो 'मही', ऱ्हस्व 'म'चा. 'माही म्हणजे पृथ्वी' हे पुन्हा रोमन लिपीचेच देणे आहे.

फार्सी मूळ निघाले म्हणून नाव परके मानण्याची पद्धत आपल्याकडे पूर्वी नव्हती, हेही नोंदवावेसे वाटते. दौलतराव, हैबतराव, गुलाबराव, साहेबराव ही नावे पिढ्यान् पिढ्या मराठी घरांत ठेवली गेली; तंजावरच्या सर्फोजी राजांच्या नावातही 'शरीफ' हाच शब्द आहे. पंढरीच्या वाटेवर कपाळी लावतो तो अबीरसुद्धा मूळचा अरबी शब्द, अर्थ सुगंध. अशा शब्दांसाठी माधव त्रिंबक पटवर्धन, म्हणजे कवी माधव जूलियन, यांचा १९२५ सालचा फार्शी-मराठी कोश मराठी वाचकाला सर्वांत सोयीचा आहे, आणि इंग्रजी चालत असेल तर स्टाइनगासचा १८९२ सालचा फार्सी कोश आहे.

साधा_विचार

सर्वांचा आदर राखून वेगळे मत मांडतो. नाव हे हाक मारण्यासाठी असते. आईवडिलांना जे कानाला गोड लागले ते ठेवावे, आणि त्यांनी ज्या भावनेने ठेवले तोच त्याचा अर्थ. आपल्या पणजोबांच्या पिढीत दगडू, धोंडू, केरबा अशी नावे होती. त्या माणसांचे काही अडले नाही. आज कोणी कोश उघडून कोणाच्या मुलाची परीक्षा घेत नाही, मग 'रेयांश'च्या संधीची एवढी चिकित्सा कशासाठी?

कृष्णाकाठ

दगडू आणि धोंडू यांचे उदाहरण आपण दिलेत, पण ते आपल्या म्हणण्याच्या विरुद्ध जाते. आधीची मुले दगावलेल्या घरात नंतरच्या मुलाला मुद्दाम टाकाऊ वस्तूचे नाव देत, ते मृत्यूची नजर त्याच्यावर पडू नये म्हणून. म्हणजे ती नावे ठेवणाऱ्यांनी अर्थाकडे दुर्लक्ष केलेले नव्हते. अर्थ पुरता ठाऊक होता, म्हणूनच ते नाव निवडले जात होते.

आणि नावाच्या अर्थाने काही अडत नाही, हे आमच्या सातारा जिल्ह्यात कोणाला पटणार नाही. मुलगा हवा असताना मुलगी झाली की तिचे नाव 'नकुशा' ठेवण्याची रीत येथे होती. २०११ साली जिल्हा प्रशासनाने अशा अडीचशेहून अधिक मुलींचे समारंभपूर्वक नव्याने नामकरण केले. शाळेच्या हजेरीत रोज 'नको असलेली' अशी हाक ऐकणे म्हणजे काय, हे त्या मुलींना विचारावे. 'रेयांश'ची गोष्ट तितकी गंभीर नाही, हे मान्य आहे. पण पुढे संस्कृतच्या तासाला त्याच मुलाला 'तुझ्या नावाचा विग्रह सांग' असे कोणी म्हटले, तर उत्तर त्याला द्यावे लागणार आहे, अ‍ॅपला नाही.

साधा_विचार

नकुशाचा मुद्दा मान्य आहे. घडवलेल्या नावाविषयीचे माझे मत मात्र कायम आहे: 'रेयांश' ठेवायचे असेल तर खुशाल ठेवावे आणि अर्थाची ओळ कोरी सोडावी.

नाशिकची_आत्या

सर्वांचे मनःपूर्वक आभार. वहिनीला ही सगळी चर्चा वाचायला दिली. 'आरव'चा खरा अर्थ वाचून ती बराच वेळ हसली, आणि 'रेयांश'खाली अर्थाची ओळ कोरी ठेवण्यापेक्षा नावच बदलावे, असे तिने स्वतःहून सुचवले. ग्रंथालयात चरित्रकोश पाहून आता 'रेवंत' या नावावर सर्वांचे एकमत झाले आहे. फलकावर 'धनवान' असे छापावे की 'सूर्याचा पुत्र' असे, एवढाच प्रश्न उरला होता. बाळाच्या आजोबांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, दुसऱ्याच्या बाजूने कौल दिला आहे.

एक व्यावहारिक शंका राहिली आहे. रुग्णालयातून जन्माची नोंद झाली आहे, पण तीत नाव घातलेले नाही. ते घालण्यासाठी मुदत किती असते? आणि रोमन लिपीत 'रेवंत'मधील 'व'साठी 'व्ही' लिहावा की 'डब्ल्यू', यावरून भाऊ आणि वडील यांच्यात मतभेद आहेत.

निवृत्त_नोंदणी_लिपिक

आपल्या दोन्ही प्रश्नांची उत्तरे देतो. नोकरीतील बरीच वर्षे याच खिडकीमागे गेली आहेत.

जन्म आणि मृत्यू नोंदणी अधिनियम, १९६९ प्रमाणे जन्माची माहिती २१ दिवसांच्या आत द्यावयाची असते, परंतु त्या वेळी नाव ठरलेले नसले तरी चालते. त्याच अधिनियमाच्या कलम १४ नुसार नाव नंतर दाखल करता येते. नोंदणीच्या तारखेपासून १२ महिन्यांपर्यंत त्यासाठी शुल्क लागत नाही आणि त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत ही सोय असते. तेव्हा बारशाच्या दुसऱ्या दिवशी धावपळ करण्याचे कारण नाही. उलट, नाव एकदा दाखल झाले की लेखनातील चूक दुरुस्त करून मिळते, पण 'आम्हाला आता दुसरे नाव आवडले' या कारणाने ते सहजी बदलून मिळत नाही. अर्थाची खात्री बारशाआधी करून घेण्याचे हे एक कारण आहेच. शिवाय १ ऑक्टोबर २०२३ पासून लागू झालेल्या दुरुस्तीमुळे, त्या तारखेनंतर जन्मलेल्यांच्या बाबतीत शाळाप्रवेशापासून मतदारयादी आणि वाहन परवान्यापर्यंत हेच प्रमाणपत्र जन्माचा पुरावा म्हणून पुढे येणार आहे.

'व्ही' की 'डब्ल्यू' याबाबत कायद्याचा आग्रह नाही. मी येणाऱ्यांना असे सुचवत असे की वडिलांच्या नावात किंवा आडनावात 'व' असेल, तर तेथे जे अक्षर वापरले आहे तेच मुलाच्या नावात घ्यावे, म्हणजे एका माणसाच्या कागदपत्रांत एकाच वर्णाची दोन रूपे होत नाहीत. नाव खिडकीवर तोंडी सांगू नये. दोन्ही लिप्यांत स्वतःच्या हाताने, सुवाच्य अक्षरांत लिहून द्यावे. प्रमाणपत्र हातात पडल्यावर 'रेवंत'वरील अनुस्वार 'व'वरच आहे ना, हे तेथेच उभे राहून पाहावे, कारण तो 'रे'वर गेलेला मी पाहिला आहे आणि एकदा घरी नेलेली प्रत दुरुस्तीसाठी परत आणायची म्हणजे नवा अर्ज करावा लागतो.